मुक्या पडद्यावरची घरधनीण

वाचकहो, इतिहासाच्या शिक्षकाने स्मरणिकेत लिहायचे म्हणजे किल्ले, तह आणि सनावळ्या, अशी आपली साधारण समजूत असते. मीही आजवर त्याच वाटेने गेलो. आपण रोज ज्या एल. जे. रोडने येतो-जातो त्या लेडी जमशेटजी, म्हणजे अवाबाई, यांच्या पैशाने १८४५ साली माहीमचा कॉजवे कसा उभा राहिला, हे मी वर्गात दरवर्षी सांगतो आणि मुले ते परीक्षेत नीट लिहितातही. पण यंदा विषय थोडा निराळा निवडला आहे. विषय आहे सिनेमाचा; त्यातही बोलपटापूर्वीच्या, मुक्या सिनेमाचा. काही पालकांच्या कपाळाला आठ्या पडतील याची मला कल्पना आहे. शाळेची स्मरणिका आणि सिनेमा यांचे नाते काय, असे ते विचारतील. त्यांना माझी एवढीच विनंती की लेख शेवटपर्यंत वाचावा. कारण हा लेख वरवर सिनेमाचा असला तरी आत तो घराचा आहे. सकाळी पाणी भरण्यापासून रात्री दाराला कडी लावेपर्यंत जे घर कोणीतरी चालवत असते, आणि ते कोण चालवते हे बाकीच्यांच्या सहसा लक्षात येत नाही, त्या घराचा.

हा विषय माझ्या डोक्यात आला त्याला कारण झाली माझ्या वर्गातली नववीची एक मुलगी. ती रोज उशिरा यायची, कधी दहा मिनिटे, कधी वीस. शिस्तीच्या नावाखाली मी तिला दाराबाहेर उभी करायचो. एके दिवशी तिचे वडील शाळेत आले. खाली मान घालून म्हणाले, "सर, तिची अम्मी आजारी आहे. घरात आम्ही सात माणसं. आता पोरीला घरीच ठेवतो, तिचंही ओझं कमी होईल." चौकशी केली तेव्हा कळले की ही चौदा वर्षांची मुलगी पहाटे उठून पाणी भरते, भावंडांचे डबे करते, आजोबांना औषध देते आणि मग धावत शाळेत येते. मी तिला बाहेर उभे करत होतो ते या कामाबद्दल! त्या दिवशी मला स्वतःची फार लाज वाटली. घर चालवणाऱ्या मुलीविषयी आपल्याकडे पूर्वी कोणी काही लिहिले, दाखवले आहे का, हे मी त्यानंतर शोधू लागलो आणि शोधता शोधता थेट १९२७ सालच्या दादरला जाऊन पोहोचलो.

दादर म्हणजे आपला शेजार. माहीमहून निघून टिळक पूल ओलांडला की पलीकडे दादर पूर्व. तिथल्या ज्या रस्त्याला आज दादासाहेब फाळके मार्ग म्हणतात, तो आणि त्याच्या आसपासचा भाग एकेकाळी सिनेमा कंपन्यांनी गजबजलेला होता. त्यांतली एक मोठी कंपनी म्हणजे द्वारकादास संपत यांची कोहिनूर फिल्म कंपनी. १९२३ साली आगीत तिचे फार नुकसान झाले, तरी ती पुन्हा उभी राहिली. या कोहिनूर कंपनीने १९२७ साली एक मूकपट काढला, त्याचे नाव 'गुणसुंदरी'. दिग्दर्शक होते चंदुलाल शाह, आणि गुणसुंदरीची भूमिका करणारी मुलगी होती गोहर.

विद्यार्थी मित्रांनो, नावाचा घोटाळा इथेच दूर करून घेऊ. आपल्या इतिहासात गोहर नावाच्या तीन प्रसिद्ध स्त्रिया होऊन गेल्या. एक कलकत्त्याची गायिका गौहर जान. १९०२ साली ग्रामोफोनवर जिचा आवाज मुद्रित झाला ती. दुसरी गोहर कर्नाटकी, अमीरबाई कर्नाटकीची बहीण, जिचे नाव मराठी रंगभूमीच्या इतिहासात बालगंधर्वांच्या नावाबरोबर येते. आणि तिसरी ही आपली गोहर मामाजीवाला, बोहरा कुटुंबातली, १९१० साली लाहोरला जन्मलेली. वर्तमानपत्रांत आणि जाहिरातींत पुढे तिला 'ग्लोरियस गोहर' म्हणत. या तिघींची गल्लत मोठमोठ्या माणसांच्या लेखांतही झालेली मी पाहिली आहे.

गोहर सिनेमात कशी आली? हौसेने नव्हे. वडिलांचा व्यापार बुडाला, घरावर वाईट दिवस आले. होमी मास्टर हे सिनेमातले गृहस्थ कुटुंबाच्या ओळखीचे होते. त्यांच्या सल्ल्याने ती कोहिनूरमध्ये गेली आणि १९२६ साली 'बाप कमाई' या मूकपटात प्रथम पडद्यावर दिसली. नावातला योगायोग पाहा. बापाची कमाई बुडाली म्हणून जी मुलगी कामाला लागली, तिच्या पहिल्या चित्राचे नाव 'बाप कमाई'! त्या वेळी तिचे वय पंधरा-सोळा. म्हणजे आपल्या दहावी-अकरावीच्या मुलीएवढी.

त्या काळात सिनेमात काम करणे म्हणजे काय होते, हे आज सांगूनही पटत नाही. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला तेव्हा तारामतीचे काम करायला एकही स्त्री मिळाली नाही. शेवटी हॉटेलात काम करणारे साळुंके नावाचे तरुण गृहस्थ लुगडे नेसून तारामती झाले. त्याच वर्षीच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला या दोघींनी काम केले आणि ती कोंडी प्रथम फुटली. तरीही 'घरंदाज' म्हणवणारी कुटुंबे पुढे कितीतरी वर्षे सिनेमाच्या नावाने कानांवर हात ठेवत होती. सरकारने १९२७ साली टी. रंगाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली सिनेमाच्या चौकशीसाठी एक समिती नेमली. तिने देशभर फिरून साडेतीनशेच्या वर लोकांच्या साक्षी घेतल्या. चांगल्या घरच्या स्त्रिया या धंद्यात का येत नाहीत, हा त्यातलाही एक प्रश्न होता. समिती हा प्रश्न विचारत असताना मुंबईच्या स्टुडिओंत स्त्रिया काम करीतच होत्या. कोणी यहुदी, कोणी अँग्लो-इंडियन, कोणी मुसलमान. सुलोचना या नावाने गाजलेली रुबी मायर्स आधी टेलिफोन ऑपरेटर होती. फातमा बेगम या बाई नुसत्या नटी राहिल्या नाहीत. त्यांनी स्वतःची कंपनी काढली आणि १९२६ साली 'बुलबुल-ए-परिस्तान' स्वतः दिग्दर्शित केला. आपल्या देशातल्या पहिल्या स्त्री-दिग्दर्शक त्याच. त्यांचीच मुलगी जुबेदा १९३१ साली गिरगावच्या मॅजेस्टिकमध्ये लागलेल्या 'आलम आरा' या पहिल्या बोलपटाची नायिका झाली. या बायकांना समाजाने त्या वेळी काय काय म्हटले असेल ते मी इथे लिहीत नाही. आपण सगळे ते ओळखतोच, कारण तसे म्हणायची आपली सवय अजून गेलेली नाही.

आता 'गुणसुंदरी'कडे वळू. चंदुलाल शाह हे जामनगरचे, मुंबईच्या सिडनहॅम कॉलेजात शिकलेले आणि शेअरबाजारात काही काळ काम केलेले. त्या काळी पडद्यावर पुराणकथांचे राज्य होते. देव, राक्षस, चमत्कार. शाह यांना मात्र पडद्यावर आजचे घर दाखवायचे होते. १९२६ साली सुलोचना आणि गोहर यांना घेऊन त्यांनी 'टायपिस्ट गर्ल' केला तो अवघ्या सतरा दिवसांत. कचेरीत काम करणारी मुलगी पाहायला लोकांनी गर्दी केली. त्याच्या पाठोपाठ आला 'गुणसुंदरी', गोहर आणि राजा सँडो यांचा. हे राजा सँडो मूळचे तमिळ मुलुखातले, कसरतपटू.

कथा अगदी साधी आहे. गुणसुंदरी ही चांगल्या घरची सून. दिवसभर तिचा पाय एका जागी ठरत नाही. सासऱ्यांचे पाहायचे, घराचे पाहायचे, यात संध्याकाळ होते. नवरा कामावरून थकून येतो. त्याला वाटते, बायकोने आपल्याशी चार शब्द हसून बोलावे, आपली कटकट ऐकून घ्यावी. पण त्याने आपल्या कामातले गाऱ्हाणे सांगितले की ती घरातले सांगते. दोघांचीही तक्रार खरी आणि दोघांनाही ऐकायला वेळ नाही. हळूहळू नवऱ्याचे पाऊल बाहेर वळते, एका नाचणारणीच्या घरी. मग गुणसुंदरीच्या ध्यानात येते की नुसते राबून भागत नाही. ती बदलते, नटते, स्वतःही घराबाहेर पडू लागते. आजवर जाब द्यायचा प्रश्नच ज्याच्यापुढे आला नव्हता तो नवरा आता दारात उभा राहून विचारात पडतो. इंग्रजीत या मूकपटाला दुसरे नाव होते, त्याचा अर्थ 'नवरे वाट का चुकतात'.

आज कोणी म्हणेल की ही तर रडकथा आहे, यात हसण्यासारखे काय? खरे सांगायचे तर 'गुणसुंदरी' हा निव्वळ विनोदी खेळ नव्हे. त्या काळच्या भाषेत तो 'सामाजिक'. पण घराच्या गोंधळातून हसू काढण्याची रीत तेव्हा जगभर चालू होती. अमेरिकेत १९२६ साली कॉलीन मूर या नटीचा 'एला सिंडर्स' आला होता. त्यातही सावत्र आईच्या घरची सगळी कामे उपसणारी मुलगीच नायिका आहे, आणि तो चक्क विनोदी आहे. आपल्याकडे फाळक्यांनीही 'पिठाचे पंजे' नावाचा एक छोटा विनोदी पट केला होता. नवरा-बायको एकाच वेळी आपापले रडगाणे सांगताहेत आणि कोणीच कोणाचे ऐकत नाही, या प्रसंगाला आपण आजही घरात हसतोच की. फक्त जिच्यावर हे गुदरते ती त्या वेळी हसत नसते.

'गुणसुंदरी' हे नाव गुजराती वाचणाऱ्यांना नवे नव्हते. गोवर्धनराम त्रिपाठी या मुंबईत वकिली करणाऱ्या गृहस्थांनी 'सरस्वतीचंद्र' ही चार भागांची प्रचंड कादंबरी लिहिली. तिचा दुसरा भाग १८९२ साली निघाला, आणि त्या भागाचे नावच मुळी गुणसुंदरीच्या कुटुंबजाळ्यावरून ठेवलेले आहे. कुटुंब म्हणजे जाळे! त्यातली गुणसुंदरी नवऱ्याकडून लिहायला-वाचायला शिकते. दोघे एकत्र वाचतात. पुढे नवऱ्याला मोठी नोकरी मिळते, सगे-सोयरे घरात येऊन राहतात, आणि तिचे पुस्तक मिटते. प्रत्येकाचा रुसवा काढणे, प्रत्येकाच्या खाण्यापिण्याचे पाहणे यात तिचा दिवस संपतो. मूकपटाची कथा या कादंबरीची नाही, तिच्यापेक्षा पुष्कळ निराळी आहे. पण ते नाव पडद्यावर दिसताच गुजराती प्रेक्षकाला कसली बाई पाहायला मिळणार हे कळत असणार.

आपल्यापैकी ज्यांच्या घरी उर्दू वाचले जाते त्यांना याहून जुनी ओळखीची बाई आठवेल. डेप्युटी नजीर अहमद यांची 'मिरातुल उरूस' ही कादंबरी १८६९ सालची. त्यांनी ती आपल्या मुलींना वाचायला म्हणून लिहिली; सरकारने तिला हजार रुपयांचे बक्षीस दिले. अकबरी आणि असगरी या दिल्लीच्या दोन बहिणी, दोघी एकाच घरात दोन भावांना दिलेल्या. थोरली अकबरी लाडावलेली, तिच्या हातून संसाराचा विचका होतो. धाकटी असगरी घरात येते तेव्हा घराचा कारभार मामा अजमत नावाच्या जुन्या मोलकरणीच्या हातात आहे आणि ती घराच्या नावावर दुकानांतून उधारी करून सगळ्यांना फसवते आहे. असगरी भांडत नाही. ती हिशेब मागते. दुकानदारांच्या वह्या आणि घरातला जमाखर्च समोरासमोर ठेवते, आणि चोरी उघडी पडते. पुढे ती मोहल्ल्यातल्या मुलींना घरातच शिकवू लागते.

माझी नानी शाळेत चौथीपर्यंत गेलेली. पण 'असगरी-अकबरी' तिला तोंडपाठ होत्या. एखाद्या मुलीने दूध उतू घालवले की नानी म्हणायची, "आली बघा अकबरी!" आम्ही हसायचो. नानीच्या तरुणपणी घरात नळ नव्हता, गॅस नव्हता. चाळीच्या सामाईक नळावर पहाटे हंडे लावायचे, कोळशाची शेगडी फुंकायची, पाट्यावर मसाला वाटायचा, पावसाळ्याआधी सुके मासे आणि पापड डब्यांत भरून ठेवायचे. अकरा माणसांच्या त्या घराचा हिशेब तिने कोळशाने भिंतीवर मांडलेला असे. तिला बेरीज येत होती म्हणून वाण्याची तिला फसवायची छाती होत नसे, हे ती मोठ्या अभिमानाने सांगायची. पण आणखी शिकायला मिळाले असते तर काय झाले असते, असे मी एकदा विचारले तेव्हा ती बराच वेळ गप्प बसली आणि मग दुसऱ्याच विषयावर बोलू लागली.

असो. या तीन बायका शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या की मला एक गोष्ट दिसते. असगरी घर ताब्यात घेते ते अक्षर आणि अंक येतात म्हणून. कादंबरीतल्या गुणसुंदरीला अक्षर येते, पण घरच ते हिरावून घेते. आणि १९२७ च्या गुणसुंदरीला चित्रपट सांगतो की एवढे सगळे करून झाल्यावर नवऱ्याचे मन रिझवणे हे आणखी एक काम तुझ्याकडे आहे. चंदुलाल शाहांविषयी पूर्ण आदर राखून मला इथे म्हणावेसे वाटते की त्यांचा प्रश्न बरोबर होता, उत्तर अर्धे होते. बायको एकटी राबते हे त्यांनी दाखवले, ही त्या काळात लहान गोष्ट नव्हे. आपण रोज पाहतो ते पडद्यावर पाहिले म्हणजे प्रथमच दिसते. पण नवऱ्याने वाट चुकण्याऐवजी घरातली एखादी बादली उचलली तर काय होईल, हे ती कथा सांगत नाही. तिकीट काढणारे बहुतेक पुरुष होते, हेही एक कारण असावे.

मूकपट म्हणजे अगदी शांतता, अशी मुलांची कल्पना असते. तसे नव्हते. पडद्यासमोर पेटी-तबलावाले बसत. प्रसंगाच्या मधे पाट्या येत. त्यांवर संवाद आणि हकीगत लिहिलेली असे, बहुधा एकाहून अधिक भाषांत, म्हणजे गुजराती, उर्दू, मराठी, इंग्रजी अशा. पण पाटी वाचता येणारे किती? म्हणून वाचता येणारा माणूस मोठ्याने वाचायचा आणि आजूबाजूचे ऐकायचे. विचार करा, गोहर पडद्यावर ओठ हलवते आहे आणि तिचे म्हणणे काय हे थिएटरातला कोणीतरी अनोळखी पुरुष ओरडून सांगतो आहे! बायकांसाठी बसण्याची वेगळी व्यवस्था असे. तिथे बसलेल्या एखाद्या सुनेला आपल्याच घरची गोष्ट अशी परक्याच्या आवाजात ऐकताना काय वाटले असेल?

'गुणसुंदरी' लोकांनी उचलून धरला. त्यानंतर गोहर आणि चंदुलाल यांनी कोहिनूर सोडली आणि १९२९ साली दादरला रणजित फिल्म कंपनी काढली. नाव ठेवले ते नवानगरचे जामसाहेब, क्रिकेटपटू रणजितसिंहजी यांच्यावरून. गोहर या कंपनीत नुसती पगारी नटी नव्हती, भागीदार होती. बोलपट आल्यावर रणजित इतकी वाढली की शेकडो माणसे तिच्या पगारावर होती. नूर मोहंमद चार्ली, घोरी आणि दीक्षित असे लोकांना पोट धरून हसवणारे नट रणजितमध्येच गाजले. १९३४ साली चंदुलाल आणि गोहर यांनी 'गुणसुंदरी' पुन्हा बोलपट म्हणून केला, आणि १९४८ साली तो गुजरातीत निघाला, त्यात निरूपा रॉय होत्या. एकच कथा एकवीस वर्षांत तीनदा. प्रेक्षकांच्या घरातला तो प्रश्न सुटला असता तर तिसऱ्यांदा तिकिटे खपली नसती. गोहरने स्वतः १९४० च्या 'अछूत'नंतर काम थांबवले. व्यापार बुडालेल्या घरातली ती मुलगी तीस वर्षांची होण्याच्या सुमारास मुंबईतल्या एका मोठ्या स्टुडिओची मालकीण होती.

पुढची हकीगत सुखाची नाही, पण इतिहास म्हटला की तीही सांगितली पाहिजे. चंदुलाल शाहांना सट्ट्याचा आणि घोड्यांच्या शर्यतींचा नाद होता. १९४० नंतरच्या दशकात त्यांनी सट्ट्यात फार मोठी रक्कम घालवली. कंपनी खचत गेली. फिल्म फेडरेशनचे अध्यक्षपद भूषवलेला हा माणूस १९७५ साली वारला तेव्हा जवळ काही उरले नव्हते. गोहर त्यांच्यानंतर दहा वर्षे जगल्या आणि १९८५ साली गेल्या. पडद्यावर नवरे वाट का चुकतात हे ज्या दोघांनी मिळून दाखवले, त्यांच्या स्वतःच्या कारभारात वाट कोण चुकले, हे वाचकांनी पाहावे.

आणि तो मूकपट? तो आज उपलब्ध नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची, चटकन पेट घेणारी. कितीतरी रिळे आगीत गेली, कितीतरी दमट हवेत कुजली, आणि कित्येक तर त्यांतली चांदी काढून घेण्यासाठी वितळवली गेली. आपल्या देशात तेराशेच्या आसपास मूकपट झाले असे मानतात. त्यांतले आज पूर्ण किंवा तुकड्यातुकड्यांनी उरलेले मोजायला फार वेळ लागत नाही. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली सुरू झाले, तोवर उशीर झाला होता. म्हणजे सतरा वर्षांच्या गोहरने पडद्यावर ते घर कसे चालवले, थकल्यावर ती कशी बसली, दाराबाहेर पाऊल टाकताना तिचा चेहरा कसा होता, हे आता कोणालाच पाहता येणार नाही. कथा तेवढी लिहिलेली उरली. घरकामाचे तरी दुसरे काय होते? केलेले सगळे संध्याकाळपर्यंत खाल्ले, मळवले, सांडले जाते आणि सकाळी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

आता वर्गातल्या त्या मुलीकडे येतो. तिच्या वडिलांशी मी पुन्हा दोनदा बोललो. एकदा शाळेत, एकदा त्यांच्या घरी. गृहस्थ वाईट नाहीत, दिवसभर टॅक्सी चालवतात, थकून येतात. मी त्यांना म्हटले, "भाई, घरी ठेवून तिचं ओझं कमी कसं होईल? ते तर दुप्पट होईल. आता निदान पाच तास ती बाकावर बसते." ते गप्प राहिले. त्यांच्या मागे सातवीतला मुलगा मोबाइलवर खेळत बसला होता. मी त्याच्याकडे पाहिले, मग त्यांनीही पाहिले. दुसऱ्या दिवसापासून पाणी भरायचे काम त्या मुलाकडे गेले, असे मला कळले. मुलगी अजून शाळेत येते. अजूनही कधी दहा मिनिटे उशीर होतो. मी आता तिला बाहेर उभी करत नाही. मुख्याध्यापकांना ते मी सांगून टाकले आहे.

गेल्या डिसेंबरात मी वर्गाला 'गुणसुंदरी'ची कथा सांगितली. त्याआधीच्या रविवारी पंधरा-वीस मुलांना घेऊन टिळक पुलावरून दादर पूर्वेला चालत गेलो होतो. कोहिनूर आणि रणजितचा तो परिसर दाखवला. मुलांना दुकाने, इमारती आणि रहदारी एवढेच दिसले, आणि एकाने विचारलेही की सर, यात बघायचं काय? त्याचे चुकले नाही. म्हणून वर्गात आल्यावर मी त्यांना एक काम दिले. मूकपट गेला, पाट्याही गेल्या. तर तुम्हीच पाट्या लिहा. गुणसुंदरी संध्याकाळी घराबाहेर पडते आहे, नवरा दारात उभा आहे आणि तो विचारतो, कुठे चाललीस? पुढच्या पाटीवर काय असेल? एकच वाक्य लिहायचे, कारण पाटी फार वेळ राहत नाही.

मुलग्यांनी बहुतेक भांडणाच्या पाट्या लिहिल्या. काहींनी तिला माफी मागायला लावली. एका मुलीने लिहिले की ती रात्रशाळेत चालली आहे, आणि वर्गाने टाळ्या वाजवल्या. त्या मुलीचा कागद सगळ्यांत शेवटी आला, कारण ती त्या दिवशीही उशिराच आली होती. मी तो मोठ्याने वाचला. लिहिले होते, "भाजी झाकून ठेवली आहे, भात तुम्ही लावा, मी येते." वर्ग हसला. मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला, "सर, पण त्याला भात लावता येतो का?" तिने मागे वळून सांगितले, "एक वाटी तांदळाला दोन वाट्या पाणी."